कळंभ्याचं पाणी

नाशकात पुराची खबर आकड्यांत कुणी विचारत नाही. गंगापूर धरणातून किती क्युसेक पाणी सोडलं ते मोबाइलवर येतं, टीव्हीवर येतं, पण घरातला प्रश्न एकच असतो, "मारुतीच्या कुठवर आलं?" रामकुंडाजवळ गोदावरीच्या पात्रात दुतोंड्या मारुती उभा आहे. पाणी त्याच्या पायांशी असेल तर लोक बघायला जातात. गुडघ्याला लागलं की काठावरचे टपरीवाले सामान हलवू लागतात. कमरेला आलं की सराफ बाजार आणि भांडी बाजारातले फोन वाजू लागतात. २०१६ आणि २०१९ च्या ऑगस्टमध्ये तो डोक्यासकट पाण्याखाली गेला होता. त्याच्याही पुढचं माप म्हणजे काठावरच्या नारोशंकराच्या देवळाची घंटा. तिला पाणी लागलं की महापूर.

लहानपणी आमच्या घरी हे बोलणं चालायचं तेव्हा मला एक गोष्ट व्हायची. कुणी "गुडघ्याला लागलं" म्हटलं की माझे गुडघे गार पडायचे. "छातीला आलं" ऐकलं की श्वास आखडायचा. कानावर पडलेला शब्द अंगाला भिजवून जायचा. मला वाटायचं, सगळ्यांनाच असं होत असणार.

माझी कथा खरं तर इथूनच सुरू व्हायला हवी होती. पण हे मला फार उशिरा सुचलं. त्याआधी अडीच महिने मी भलत्याच वाटेने चालत होते, आणि ती वाटही सांगण्यासारखी आहे.

मला एक जग रचायचं होतं. नदीकाठचं एक गाव, जिथे वर्षातले काही दिवस माणसांच्या इंद्रियांची सरमिसळ होते. नदीचं नाव उमाळी, गावाचं नाव पाणथडी. दिवसा मी हिशेब तपासायचं काम करते, त्यामुळे लिहायचं ते रात्री जेवणानंतर. जूनच्या पहिल्या पावसात बसले आणि तीन आठवड्यांत बावीस पानं झाली. त्यात निळे वास होते, हिरव्या हाका होत्या, खरखरीत उजेड होता. लिहिताना मला फार आनंद होत होता. एका दिवाळी अंकाच्या संपादकांना पानं पाठवली. चार दिवसांनी त्यांचा फोन आला. "वाचायला छान वाटतं हो. पण या लोकांचं काही अडत का नाही?"

दोन दिवस वाईट वाटलं. तिसऱ्या दिवशी पानं पुन्हा वाचली आणि पटलं. वास निळा आहे, बरं मग? वास निळा झाल्यामुळे कुणाची भाकरी करपत नव्हती, कुणाचं लग्न मोडत नव्हतं.

आणखी एक गोष्ट ध्यानात आली. आपली मराठी हे रोजच करत असते. गोड गळा, कडू बोल, तिखट नजर, भडक रंग, जाड आवाज, बोचरे शब्द. गळ्याला चव कशी, असं कुणी विचारत नाही. बोलून बोलून ते शब्द इतके गुळगुळीत झालेत की त्यांच्यात दोन इंद्रियं आहेत हेच दिसत नाही. अशा भाषेत "हिरवी हाक" लिहिली तर वाचक ती अलंकार म्हणून घेतो आणि पुढे जातो. मला तर ते घडवायचं होतं. तुळसाला, म्हणजे माझ्या कथेतल्या तांबटाच्या मुलीला, हाक खरोखर हिरवी दिसायला हवी होती, इतकी की तिला समोरचा माणूस नीट दिसू नये.

मग मी खऱ्या जगात असं कुणाला होतं का ते शोधू लागले. होतं. त्याला सिनेस्थेशिया म्हणतात. कुणाला अक्षरांना रंग दिसतात, कुणाला सुरांना, आणि अगदी थोड्यांना शब्दांची चव लागते. १८१२ मध्ये गेओर्ग झाक्स नावाच्या जर्मन वैद्याने स्वतःबद्दल लिहिलेल्या प्रबंधात त्याचं पहिलं वर्णन सापडतं. १८८० मध्ये फ्रान्सिस गॉल्टनने अशा लोकांच्या हकिकती जमवल्या आणि हे घराण्यात उतरतं असं नोंदवलं. आजच्या अभ्यासांत शंभरातल्या साधारण चार जणांना याचा कुठला ना कुठला प्रकार असतो असं दिसतं. मला थांबवून धरलं ते त्याच्या शिस्तीने. ज्याला 'क' तांबडा दिसतो त्याला तो वर्षानंतरही तांबडाच दिसतो, तोच आणि तसाच तांबडा. आणि वाट बहुधा एकेरी असते: आवाजाला रंग येतो, पण रंग पाहून आवाज येत नाही. १९८७ मध्ये सायमन बॅरन-कोहेन आणि सहकाऱ्यांनी खरं-खोटं ओळखण्यासाठी रंग तोच राहतो का हीच कसोटी वापरली. शब्दांचे रंग विचारायचे, मध्ये बराच काळ जाऊ द्यायचा, न सांगता पुन्हा विचारायचे.

हे मी जेवताना घरी सांगत होते. माझी मावसबहीण आलेली होती. ती म्हणाली, "वारांना तर असतातच ना रंग." आम्ही सगळे तिच्याकडे बघत राहिलो. बेचाळीस वर्षांची बाई, आजवर कधी बोलली नव्हती, कारण यात बोलण्यासारखं काही आहे हेच तिला ठाऊक नव्हतं. सोमवार पिठासारखा पांढरा. बुधवार विटकरी. शुक्रवार "ओल्या सिमेंटचा". मी सातही वार लिहून घेतले आणि तो कागद तिला दाखवला नाही. माझेही सात रंग ओढूनताणून ठरवले आणि लिहिले. ऑगस्टच्या शेवटी फोनवर तिला पुन्हा विचारलं. सातच्या सात जुळले, ओल्या सिमेंटसकट. माझे स्वतःचे मला दोनच आठवले.

त्या फोननंतर माझ्या पाणथडीला पहिला खरा नियम मिळाला. तिथे ज्याचं मिश्रण त्याचं असतं आणि दरवर्षी तेच असतं. म्हणून घरोघरी एक वही असते. मूल पाच वर्षांचं झालं की त्या मोसमात आई त्याला शेजारी बसवून विचारते आणि लिहून ठेवते: घंटेचा रंग कुठला, चुलीचा वास केवढा जड, आत्याचं नाव जिभेला कसं लागतं. पत्रिका ठेवतात तशी ती वही ठेवतात. लग्न ठरवताना दोन्हीकडच्या वह्या उघडतात.

ज्यांना सिनेस्थेशिया नाही त्यांच्यातही इंद्रियं एकमेकांच्या कामात हात घालतातच. वोल्फगांग क्योलरने १९२९ मध्ये लोकांना दोन आकृत्या दाखवल्या होत्या, एक गोलसर आणि एक टोकदार, आणि दोन अर्थहीन नावं दिली होती. व्ही. एस. रामचंद्रन आणि एडवर्ड हबर्ड यांनी २००१ मध्ये तेच 'बूबा' आणि 'किकी' या नावांनी मांडलं. बहुतेक सगळे गोल आकृतीला बूबा म्हणतात. मी आमच्या इमारतीतल्या अकरा मुलांना विचारलं. दहा जणांनी तसंच सांगितलं. अकरावीने टोकदार आकृतीला बूबा म्हटलं आणि कारण दिलं, "तिला लागलंय म्हणून ती बूबू करते." ती मुलगी कथेत आली आहे.

माझा एक वर्गमित्र नाशिकजवळच्या एका वायनरीत काम करतो. त्याने मला फ्रान्समधल्या बोर्दोचा प्रयोग सांगितला. तिथे ५४ विद्यार्थ्यांना, म्हणजे वाइनचंच शिक्षण घेणाऱ्यांना, पांढरी वाइन दिली आणि मग तीच वाइन वास नसलेल्या रंगाने लाल करून दिली. लाल पेल्याचं वर्णन त्यांनी लाल वाइनच्या शब्दांत केलं. २००१ मध्ये हे प्रसिद्ध झालं. मित्र म्हणाला, "आम्ही म्हणूनच कधी कधी काळ्या काचेच्या पेल्यात चाखतो. डोळे आधी बोलतात आणि नाक त्यांची री ओढतं." मला हे वाक्य फार आवडलं. इंद्रियांमध्ये कोण आधी बोलतं, कोण दबतं, याची एक घरगुती मांडणी त्यात होती. पण माझ्या जगाला अजून नाव नव्हतं, आणि नावाशिवाय मला पुढे जाता येईना.

नाव आईने दिलं, तिच्या नकळत. श्रावणात ती ज्ञानेश्वरीचं पारायण करते. मी स्वयंपाकघरात भाजी चिरत होते आणि बाहेर तिचा सहावा अध्याय चालू होता. "अमृतातेंही पैजा जिंके" मला पाठ होतं, सगळ्यांनाच असतं. त्याच्या पुढे काय आहे इकडे मी कधी कान दिला नव्हता. त्या दिवशी दिला.

"ऐका रसाळपणाचिया लोभा । कीं श्रवणींचि होति जिभा । बोलें इंद्रियां लागे कळंभा । एकमेकां ॥"

सुरी खाली ठेवून बाहेर आले. आईला म्हटलं, "आई, परत वाच." तिने वाचलं, पुढच्या ओव्याही वाचल्या. शब्द हा खरं तर कानाचा विषय, पण जीभ म्हणते हा रस आमचा. नाकाला वाटतं हा आपलाच परिमळ. डोळे म्हणतात रूपाची खाण उघडली. कानांनाच जिभा फुटतात आणि इंद्रियांमध्ये कळंभा लागतो, म्हणजे भांडण जुंपतं. सातशेहून अधिक वर्षांपूर्वी, मराठी भाषा किती गोड होईल हे सांगताना ज्ञानदेवांनी हे लिहून ठेवलं आहे, आणि मी इकडे जर्मन वैद्यांपासून सुरुवात केली होती. मला लाज वाटली नाही, पण अंगावर काटा आला. त्या रात्री वहीच्या पहिल्या पानावर लिहिलं: पाणथडीला दरवर्षी कळंभा येतो.

नाव मिळालं आणि लगेच मारुतीही मिळाला. कळंभा येतो म्हणजे कुठून येतो, किती येतो, कुणाला कसं कळतं? पुरासारखा येतो. आमच्याकडे पूर ज्या मापाने मोजतात त्याच मापाने येतो. उमाळीच्या पात्रात मी दगडाची एक बाई उभी केली. गाव तिला उभीबाई म्हणतं. पाणी तिच्या जिथवर चढेल तिथवर कळंभा चढतो.

घोट्याला पाणी लागलं की स्पर्शाला आवाज येतो. भिंतीला हात लावला तर भिंत गुणगुणते, गोधडी अंगावर घेतली तर कुजबुजते. मुलांना हे दिवस आवडतात. गुडघ्याला लागलं की आवाजाला रंग येतो, आणि गावातली रंगाऱ्यांची दुकानं बंद होतात, कारण शेजारच्या आळीतून ठोकण्याचा आवाज आला की रंगाऱ्याला हातातल्या कापडाचा रंग धडपणे दिसत नाही. कमरेला लागलं की वासाला वजन येतं. त्या दिवसांत पाणथडीत फोडणी देत नाहीत. नुसता भात शिजतो, कारण लसणाची फोडणी म्हाताऱ्यांच्या खांद्यावर पोत्यासारखी बसते. छातीला लागलं की शब्दांना चव येते. मग पंचायत साक्ष घेत नाही, सोयरीक ठरत नाही, आणि माणसं शक्यतो एकमेकांना नावाने हाक मारत नाहीत. एका नवऱ्याला त्याच्या बायकोचं नाव रॉकेलसारखं लागतं. तिच्यावर त्याचा जीव आहे, पण ते आठ दिवस तो तिला "अगं" म्हणतो आणि तिला दर वर्षी तेवढंच वाईट वाटतं.

संपादकांच्या प्रश्नाचं उत्तर आता पानोपानी मिळत होतं. लोकांचं अडायला लागलं होतं.

या भागात मी एक चूक करून ती काढून टाकली, तेही सांगते. आधी मी असं लिहिलं होतं की छातीला पाणी लागलं की खोटं बोलणं कडू लागतं. लिहायला सोपं आणि गोष्टीला फार सोयीचं, कारण पंचायतीचा सगळा निवाडा त्यावर उभा करता येत होता. पण ज्यांना खरंच शब्दांची चव लागते त्यांच्याबद्दल वाचलं तर ती चव बोलणाऱ्याच्या हेतूशी बांधलेली नसते. ती त्या शब्दाची असते, त्याच्या ध्वनीची असते. एखादं साधं नाव लोणच्यासारखं लागतं, त्याला इलाज नाही. मला हा अन्याय जास्त खरा वाटला. कडू खोट्याची चौदा पानं रद्द केली आणि त्यांच्या जागी रॉकेलचा नवरा आला.

घंटांच्या रंगांसाठी मी शार्ङ्गदेवाकडे गेले. तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या पदरी राहून त्याने 'संगीतरत्नाकर' लिहिला, त्यात सातही स्वरांना रंग दिले आहेत. षड्ज कमळाचा, ऋषभ पिंगट, गंधार सोन्याचा, मध्यम कुंदाच्या फुलासारखा पांढरा, पंचम काळा, धैवत पिवळा, निषाद अनेक रंगांचा. याच यादवांचं आधीचं ठाणं आमच्या सिन्नरला होतं. गोंदेश्वराच्या देवळात शाळेच्या सहली जातात, पण तिथून देवगिरीला गेलेल्या घराण्याच्या दरबारात सुरांचे रंग लिहिले गेले हे मला कुणी सांगितलं नव्हतं. हे रंग शास्त्राने ठरवलेले, कुणाच्या डोळ्यांपुढे आपोआप उमटलेले नव्हेत, तरी पाणथडीच्या देवळातल्या सात घंटांना मी तेच दिले. पंचमाची काळी घंटा लिहिताना हात अडखळला. मला तो सूर उजळ वाटतो. पण तसाच ठेवला, कारण गावातल्या निम्म्या लोकांनाही तो उजळ वाटतो आणि वाद चालू राहतो.

आता राहिला कळंभ्याचा शेवटचा टप्पा, आणि तिथे मी पुरती अडकले.

उभीबाईच्या गळ्याला पाणी लागलं की काय होतं? मी ठरवलं की किंमत मोजावी लागते. जे इंद्रिय दुसऱ्याच्या घरी जातं त्याचं स्वतःचं घर रिकामं पडतं. तुळसाचा बाप तांबट आहे. गळ्याएवढ्या पाण्यात त्याचा कान जातो आणि हातात येऊन बसतो. त्यानंतर तो हातानेच ऐकतो. मला हे अगदी बरोबर वाटत होतं. का वाटत होतं तेही उघड आहे. माझे आण्णा तांबट आहेत.

आण्णांचं वय आता सत्याहत्तर. तांबट आळीत आमचं दुकान होतं, मागे भट्टी. हंडे, घंगाळं, बंब, तपेल्या. चाळीस वर्षं रोज सकाळी आठपासून तांब्यावर हातोडी. सततच्या मोठ्या आवाजाने कान जातो तेव्हा आधी उंच सूर जातात, ४००० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला चार हजार कंपनांच्या, आसपासचे. आण्णांचंही तसंच झालं. आधी पाखरं गेली. मग कुकरची शिट्टी. मग फोनची घंटा, मुलांची बोलणी. आता त्यांना जवळजवळ काही ऐकू येत नाही. आम्ही जुन्या कॅलेंडरच्या पाठकोऱ्या पानांवर लिहून बोलतो. ते उत्तर तोंडानेच देतात, जरा मोठ्याने.

माझं सगळं लिखाण ते वाचतात. गळ्याएवढ्या पाण्याचं प्रकरण त्यांना दिलं तेव्हा मला थोडी भीती वाटत होती आणि थोडा अभिमानही. दोन वेळा वाचलं. चष्मा काढला. म्हणाले, "हे चुकलं आहे."

मी कागदावर लिहिलं, "काय चुकलं?"

ते उठले आणि माळ्याखालच्या पेटीतून हातोडी आणि एक अर्धवट राहिलेली तपेली घेऊन आले. दुकान बंद केलं तेव्हाची ती तपेली, कल्हई न झालेली. त्यांनी ती डाव्या हातात धरली, उजव्याने कडेकडेने ठोकत फिरवू लागले. मठार घालताना, म्हणजे भांड्यावर एकसारखे ठोके उठवताना, फिरवतात तसं. मग मला म्हणाले, "तू धर."

तांबं ठोकलं की कडक होत जातं. फार कडक झालं आणि तरी ठोकत राहिलं तर तडकतं. म्हणून मध्येच ते भट्टीत लाल करून गार करायचं, की पुन्हा मऊ पडतं. केव्हा थांबायचं हे आवाजावरून कळतं. मऊ तांबं थप्प बोलतं, कडक तांबं टणत्कारतं. लहानपणापासून मी हे ऐकत आले. आण्णा ठोकत होते, तपेली माझ्या हातात होती, आणि मला आवाजच ऐकू येत होता. त्यांनी हातोडी ठेवली, दोन्ही तळव्यांनी माझे कान झाकले आणि म्हणाले, "आता तूच ठोक."

मी ठोकलं. पहिल्यांदा नुसता धक्का. दहा-बारा ठोक्यांनंतर फरक लागला. एका बाजूला ठोका हातातच मुरत होता. दुसऱ्या बाजूला तो मनगटातून वर चढून कोपरापर्यंत झिणझिणत जात होता. मी ती जागा बोटाने दाखवली. आण्णांनी मान डोलावली. "ती कडक झालीय. ती बाजू लाल करायला हवी."

मग ते खाली बसले आणि सावकाश बोलले. "माझा कान हातात आला नाही. हात पहिल्यापासून ऐकत होता. सोळाव्या वर्षी वडिलांनी हातोडी दिली तेव्हापासून. कान मोठ्याने बोलायचा म्हणून हाताचं कुणी ऐकत नव्हतं. कान गप्प झाला आणि मला हाताचं ऐकू यायला लागलं. तू लिहिलंयस की हाताने कानाचं काम उचललं. हाताचं ते स्वतःचंच काम आहे."

त्या रात्री मी पुन्हा वाचायला बसले. त्वचेखाली खोलवर कंप टिपणारे सूक्ष्म अवयव असतात, पॅसिनी या इटालियन शास्त्रज्ञाच्या नावाने ते ओळखले जातात. ते साधारण २५० हर्ट्झच्या आसपास सर्वांत तल्लख असतात. माणसाचा कान २० ते २०,००० हर्ट्झपर्यंत ऐकतो, म्हणजे हाताचा हा टापू कानाच्या टापूतच आहे, माणसाच्या बोलण्याच्या आवाजाच्या अगदी शेजारी. दोघांचं शेत एकच, बांध कुठेच नाही. आण्णा म्हणाले ते असं शब्दशः खरं होतं.

आणि मग ओवी पुन्हा उघडली. तिथे कुणाचं काही जात नाही. कानाला जीभ फुटते, पण कान बहिरा होत नाही. जीभ म्हणते, हा रस आमचा. नाक म्हणते, आमचा. ते आपापला हक्क सांगत असतात. पुढे ज्ञानदेव म्हणतात की इंद्रियं आपापल्या भावाने झोंबतात, पण तो शब्द सगळ्यांना सारखंच समाधान देतो, एकटा सूर्य सगळ्या जगाला जागं करतो तसा. मी कळंभा या शब्दाचा अर्थ नुसता भांडण असा घेतला होता आणि भांडणात कुणीतरी हरायलाच हवं असं धरून चालले होते.

गळ्याएवढ्या पाण्याचं प्रकरण तिसऱ्यांदा लिहिलं. आता त्यात कुणाचंही काही हरवत नाही. पाणी गळ्याला लागतं आणि एरवी दबून राहिलेलं जे जे प्रत्येक इंद्रियाला कळत होतं ते सगळं एकदम बोलू लागतं. हात ऐकतो, कान वास घेतो, पाठीला मागे कोण उभं आहे ते दिसतं. कुणालाही ते सगळं एका वेळी पेलत नाही. म्हणून त्या रात्री पाणथडीत दिवे लावत नाहीत, कुणी बोलत नाही, माणसं ओसरीवर एकमेकांचे हात धरून बसतात. तुळसा बापाचा हात धरते. तिला त्याच्या तळव्यात चाळीस वर्षांचे सगळे ठोके लागतात, एकावर एक. पाणी ओसरल्यावर हे पुन्हा दबून जाणार हे तिला ठाऊक असतं. ओसरण्याचं दुःख किती आणि सुटका किती, याचाच त्या गावात सगळ्यात जुना वाद आहे.

हे प्रकरण लिहीत असतानाच संततधार लागली आणि धरणातून विसर्ग वाढवला. सकाळी आईने विचारलं, "मारुतीच्या कुठवर?" खालून कुणीतरी सांगितलं, कमरेला. माझी कंबर गार पडली. इतक्या वर्षांनी पुन्हा. आण्णांना कागदावर लिहून दाखवलं तर म्हणाले, "चल बघून येऊ."

घाटाच्या वरच्या अंगाला, पोलिसांच्या दोरीच्या अलीकडे उभे राहिलो. पाणी चहाच्या रंगाचं, आणि आवाज इतका की शेजारच्याचं बोलणं कळेना. गर्दीतली माणसं एकमेकांच्या कानाशी ओरडत होती. आण्णा एका जुन्या दगडी भिंतीला तळवा लावून उभे होते. मला खूण करून त्यांनी माझाही हात तिथे ठेवायला लावला. भिंत थरथरत होती, एकसारखी नव्हे, मध्ये मध्ये जोर धरून. १९६९ च्या महापुरात ते याच भागात होते, घराघरातले हंडे पाण्यावर एकमेकांवर आपटत जाताना त्यांनी पाहिले होते. त्याबद्दल ते पूर्वी पुष्कळदा बोलले आहेत, दर वेळी हंड्यांच्या आवाजाबद्दल. त्या दिवशी काही बोलले नाहीत. अर्धा तास हात भिंतीवरच होता.

गणपतीच्या आधी कथा पाठवली. या वेळी संपादकांनी एकच सुचवलं, कळंभा शब्दाचा अर्थ तळटीपेत द्यावा. मी नको म्हटलं. पाणी चढेल तसा अर्थ कळतो. त्यांनी ऐकलं.

छपाईआधीची पानं आली ती आण्णांनी पेन्सिल घेऊन वाचली. शुद्धलेखन ते माझ्यापेक्षा नीट बघतात. तीन-चार वेलांट्या सुधारल्या. शेवटच्या पानावर एक वाक्य होतं, "तुळसाला बापाच्या हातातला हंड्याचा नाद ऐकू आला." त्यांनी शेवटचे दोन शब्द खोडले आणि वर बारीक अक्षरात लिहिलं, "लागला". मी ते तसंच छापायला पाठवलं.